बाराव्या ओळीची खूण

सोमवार, ३ तारीख
आले बाई एकदाची नव्या कामावर. बहिणीची मुलगी, आम्ही तिला चिमणी म्हणतो, तिनंच लावलं. बाटल्यांच्या कारखान्यात एकोणीस वर्षं मी पट्ट्यावरून तडकलेल्या बाटल्या उचलल्या. चौथी शिकलेलीला कॉम्प्युटरपुढे कोण बसवतं? चिमणी म्हणाली, मावशी, मला तुझी नजर हवी, शाळेचा दाखला नको. तिचं ऑफिस म्हणजे दोन खोल्या, फिरत्या खुर्च्या. बसले तर खुर्चीनं गिरकीच मारली. कार्टी हसून हसून लोळली.

मंगळवार, ४
काम समजलं. दाराच्या कुलपाचा प्रोग्राम आहे. कोणाला आत घ्यायचं ते तो ठरवतो. सध्या चिमणी तो आमच्याच दारावर लावून बघतेय. चिमणीनं आज त्याला एक तपासनीस जोडला. प्रोग्राम बांधायच्या, म्हणजे चालू करायच्या आधी तो एकेक ओळ वाचतो. आकड्याच्या जागी नाव आलं, माणसाच्या जागी वस्तू आली, की ओळ लाल आणि बांधणी बंद. चौथ्या खेपेला मेला चालू झाला. तोवर दोघींनी त्याचा उद्धार केला. बारावी ओळ चिमणीला आत घेणारी, तेरावी मला. दोन्ही हिरव्या. एखादी ओळ तपासायची नसेल तर तिच्यापुढे ‘सोड’ अशी खूण करता येते. पण मला विचारल्याशिवाय करायची नाही, असं तिनं दोनदा बजावलं. म्हटलं, बहिरी नाही मी.

गुरुवार, ६
चिमणीला उशीर. बांधणी अडली. बारावी ओळ लाल. ‘इथे माणूस हवा. हा माणूस नाही.’ कालपर्यंत तर हिरवी होती! सात वेळा बटण दाबलं. तिला फोन लावला, उचलत नाही. माझं डोकं फिरलं. यंत्राला काय कळतंय, पोर माझ्या मांडीवर वाढलीय. केलं ‘सोड’. झाली बांधणी. कुलूप खटकन उघडलं आणि चिमणी आत आली. सरळ आपल्या खुर्चीत बसली.

शुक्रवार, ७
कालचा चहा तिच्यापुढे तसाच. वर जाड साय. रात्री घरी गेली नसावी. कपडे तेच. विचारलं तर म्हणते, काम आहे. दहा वेळा तेच, त्याच सुरात. मागून हाक मारली. खुर्ची फिरली नाही. नुसती मान फिरली. पुरती मागे—

शनिवार, ८. सकाळ
कालचा भासच म्हणत कामावर आले. तोच बहिणीचा फोन. चिडलेली. म्हणाली, पोर बुधवार रात्रीपासून तापानं फणफणलीय, माझ्याजवळ पडून आहे, आणि तू साधी चौकशी करत नाहीस? आज जरा उठली तर तुझ्याकडेच निघाली.
मग खुर्चीत कोण—
चिमणीचा फोन बंद. दार आतून उघडत नाही.

दुपार
‘सोड’ खोडलं. आता तपासनीस हिला धरेल. बटण दाबलं.
बारावी हिरवी.
तेरावी लाल. माझी. ‘हा माणूस नाही.’
मान वर केली. खुर्चीत मी बसलेय. माझीच साडी—
जिन्यात पावलं. खोकला. चिमणीच. मावशी, मावशी करतेय.
ओरडतेय. आवाज फुटत नाही. खुर्चीतली माझ्या आवाजात सांगतेय, ये गं, दार उघडंच आहे—
हे पान फाडून दाराखालून सरकवते. चिमणे, ती मी नाही. आत येऊ न—