क्राकूवचा कर्णा

अल अझीझिया, दोहा
१७ एप्रिल २०१८

ती. ताईस सुरेशचा सा. न., वि. वि. आम्ही दोघं युरोप पाहून सुखरूप परत आलो. सुखरूप म्हणजे हातीपायी. बाकीचं पुढं लिहितो.

लग्नाला पंचवीस वर्षं झाली म्हणून तुझ्या भाचीनं, नुपूरनं, आम्हाला पोलंडमधलं क्राकूव हे गाव भेट दिलं. गाव दिलं, गाईड दिला नाही. त्याऐवजी उल्काच्या फोनमध्ये एक बाई भरून दिली. बाई कानात बोलते, आपण चालायचं. इथं थांबा, मान वर करा, कमान ओलांडा, आता चारशे वर्षं मागं चला. मध्येच काही विचारायची सोय नाही. लेकीला वाटलं, आईबाबांना काहीतरी नवीन. नवीन कसलं? पंचवीस वर्षं आमच्याकडे हेच चालू आहे. बाई बोलते, मी चालतो.

फोन एक, कान चार. एका वायरीला दोन बोंडं. डावं उल्कानं घेतलं, उजवं मी, आणि दिवसभर एका जुवाला जुंपल्यासारखे दीड फुटावरून चाललो. त्यात बाई पुटपुटी. लेफ्ट काय आणि राइट काय, सगळं एकाच सुरात, तोंडात साखर धरून बोलावं तसं. जुन्या वेशीतून निघायचं, मोठ्या चौकातून राजवाड्याशी पोचायचं, दोरी सोडल्यासारखा सरळ रस्ता. या सरळ रस्त्यावर आम्ही एका दाताच्या दवाखान्याच्या अंगणात पोचलो, एका शाळेच्या स्वयंपाकघरात पोचलो, आणि तीळ लावलेली पावाची कडी विकणाऱ्या एकाच गाडीवाल्यापाशी तीनदा पोचलो. तिसऱ्यांदा त्यानं न मागता दोन काढून हातावर ठेवल्या. उल्का चिडली. मी म्हटलं, अगं, आपल्याला दोहाची सवय आहे. २०२२च्या फुटबॉल वर्ल्ड कपसाठी इथं सगळं शहर उकरून ठेवलंय. काल ज्या रस्त्यानं साइटवर गेलो, तिथं आज नारिंगी पिंपं उभी असतात. चुकणं म्हणजे आमचं रोजचं येणंजाणं.

चौकात चर्चच्या मनोऱ्यावरून दर तासाला एक माणूस कर्णा वाजवतो. सूर मध्येच तोडतो, कारण पूर्वी म्हणे पहारेकऱ्याला इशारा वाजवताना बाण लागला होता. (हे छापील कागदावर वाचलं. कागद पुटपुटत नाही.) बारा वाजता आम्ही माना वर करून उभे. खिडकी उघडली, पितळ चमकलं, आणि त्या पठ्ठ्यानं न वाजवताच प्रचाराला आल्यासारखा हात हलवला. मीही हलवला. उल्काला विचारलं की हा वाजवणार कधी? ती माझ्याकडे अशी बघायला लागली, जसं काही मी तिच्या माहेरचं काढलं. मग हळूच म्हणाली की एक वाजता. तासभर उभे! एक वाजता वाजवलं म्हणे, पण वारा उलटा होता. आणि कहर म्हणजे, शे-दीडशे माणसांत तुझ्या भावजयीनं माझा हात धरला. मी लाजलो. तर लगेच सोडला. परत धरला, परत सोडला. चार वेळा! दर वेळी घरी गॅसवर दूध राहिलंय असं आठवल्यासारखा.

असो. पुढच्या महिन्यात कंपनीचं मेडिकल आहे. ते पार पडलं की मला २०२२ पर्यंत साइटवर मुदतवाढ. या स्टेडियमचा पाया खणताना मी तिथं होतो, पहिला चेंडू पडेल तेव्हा गवताच्या कडेला मी उभा असणार. खलास, मग परत.

फोन का करत नाहीस म्हणून विचारू नकोस. लाइन फार खरखरते. शिवाय पत्राची सर फोनला नाही. आमच्या साइटवर लोडर चालवणारा निवृत्ती सिन्नरला रजेवर निघालाय, त्याच्याबरोबर हे पाठवतोय. लोभाच्या रस्त्यावर डायव्हर्जन नसावं.

तुझा
सुरेश

*

अल अझीझिया, दोहा
१७ एप्रिल २०१८

ती. मीनाताईंना उल्काचा नमस्कार. वि. वि. हे पत्र निवृत्तीच्या पिशवीत तळाशी घातलंय. वरच्या पत्राला याचा पत्ता नाही.

यांचं पत्र मी चोरून वाचलं. वारा नव्हता, ताई. पानसुद्धा हलत नव्हतं. कर्णेवाल्यानं बारा वाजता चारही दिशांना वाजवलं. कबुतरं उडाली, शेजारच्या बाईच्या कडेवरचं बाळ दचकून रडायला लागलं, आणि हे मला विचारताहेत की वाजवणार कधी. दीड वर्ष मी भांडतेय की तुम्ही मुद्दाम लक्ष देत नाही. नवरा ऐकत नाही म्हणून भांडायची सवयच असते हो, त्याला ऐकूच येत नसेल हे सुचत नाही.

फोनमधल्या त्या बाईचा आवाज मी पूर्ण चढवला होता. माझा कान अजून ठणकतोय. ती डावीकडे म्हणाली की हे माझ्या तोंडाकडे बघायचे आणि ऐटीत उजवीकडे निघायचे. मग एक वाजता मी माझ्या परीनं यांना तो कर्णा ऐकवला. कसा ते विचारू नका, आणि यांना तर सांगूच नका.

राजवाड्याखाली नदीकाठी धातूचा एक ड्रॅगन आहे. थोड्या थोड्या वेळानं तोंडातून खरी आग सोडतो, भस्सकन. आवाजासरशी सगळे मागं उडाले. हे एकटे पाठ करून पाटी वाचत उभे. मला तिथं यांची साइट दिसायला लागली. गाड्या मागं घेताना भोंगा वाजतो, त्या भोंग्याच्या भरवशावर माणसं वावरतात. निवृत्तीला जरा खोदून विचारा. मला तो वहिनी, टेन्शन घेऊ नका एवढंच म्हणतो.

गेल्या वर्षी यांचे कान पास कसे झाले, तेही सांगते. काचेच्या पेटीत बसवतात आणि कानात बारीक आवाज सोडतात, ऐकू आला की बटण दाबायचं. बाहेर नर्स यंत्र चालवत असते. हे म्हणे तिचा कोपर हलला की बटण दाबत होते! घरी येऊन फुशारकीनं सांगितलं, आणि मी मूर्खासारखी हसले. यंदा पुन्हा तेच करणार. मी बोलले की उडवून लावतात. नुपूर बोलली तर ती इंग्रजीत बोलते, मग यांना इंग्रजी येईनासं होतं. तुमचं तेवढं ऐकतात. म्हणजे वाचतात.

असे पास झाले तर पुढची साडेचार वर्षं मी रोज संध्याकाळी जिन्यात पावलं वाजायची वाट बघत बसणार. मला हा माणूस हवाय, ताई. गवताच्या कडेचा फोटो नकोय.

चोरून लिहिलं म्हणून रागावू नका. लोभ आहे, त्यातला थोडा धाक म्हणून यांच्याकडे पाठवा.

आपली
उल्का

*

इंदिरानगर, नाशिक
८ मे २०१८

चि. सुरेश यास, आशीर्वाद राखून ठेवले आहेत. वागणूक पाहून पाठवीन.

तुझा निवृत्ती येऊन गेला. दोन कप चहा आणि बशीभर चिवडा संपेपर्यंत तोंड उघडेना. मग सगळंच सांगितलं. मार्चमध्ये तो लोडर मागं घेत होता. भोंगा चालू, त्याच्या तोंडानं शिव्या चालू, आणि साहेब मधोमध ड्रॉइंग पसरून उभे. त्यानं ब्रेक दाबला तेव्हा लोडर आणि तुझी पाठ यांत वीतभर जागा उरली होती. त्यावर तू वळून त्यालाच झापलंस की भोंगा वाजवायला काय होतं! तेव्हापासून तुला कुणी हाक मारत नाही म्हणे, खडा मारतात. हेल्मेटवर टिचकन लागेल असे बारके खडे खिशात घेऊन माणसं हिंडतात. आणि तू काय केलंस, तर वरून खडी पडते, जाळी नीट बांधा, म्हणून दोन मेमो काढलेस. सुरेश, मी हसले. मग पदर तोंडाला लावून बसले.

तेहतीस वर्षं मी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये काढली. पलीकडचा माणूस खोटं बोलतोय की रडतोय, ते मला नुसत्या हॅलोवरून कळायचं. आणि सख्ख्या भावानं वर्षभर फोन केला नाही, तर मी लाइन खरखरते यावर विश्वास ठेवला. मला लाइनचं सांगतोस? तुझी पत्रं मी शेजारच्या बबीताला वाचून दाखवत होते. म्हटलं, बघ, या दिवसांत हातानं लिहितो माझा भाऊ. केवढी मिरवले! आता कळलं की ते प्रेम नव्हतं, पळवाट होती. हे मला फार लागलं.

नापास झालास तर साइट जाईल ही तुझी भीती. जाऊ दे. निवृत्ती निघताना दारात घुटमळला. म्हणाला की ताई, त्या दिवसापासून जेवण गोड लागत नाही, साहेब गेले असते तर ते माझ्या हातानं गेले असते. त्याची बायको, दोन लेकरं सिन्नरला. तुला गवताच्या कडेला उभं राहायचंय म्हणून त्यानं जन्मभर हे वागवायचं का, याचं उत्तर दे. अभियांत्रिकी भाषेत दिलंस तरी चालेल.

नर्सच्या कोपराकडे बघायचं नाही. शुक्रवारी, ८ जूनला, आपल्याकडच्या दहा वाजता मी फोन करीन. उल्कानं उचलायचा नाही.

आशीर्वाद त्या दिवशी, फोनवरच.

मीनाताई

*

दोहा, २० मे २०१८

ताईस नमस्कार, नेहमीपेक्षा कोरडा.

निवृत्ती फितूर निघाला. तुझं पत्र त्यानंच आणून दिलं, वर उभं राहून वाचून होईपर्यंत थांबला. त्याच्याशी बोलणं बंद केलंय. मेमो मागं घेतलेले नाहीत. माझे कान उत्तम आहेत. दोन बायका एका वेळी बोलल्या तर कुणालाच काही ऐकू येत नाही, यात वैद्यकीय काही नाही. मेडिकल २७ला आहे आणि मी पास होणार आहे.

कुरिअरनं पाठवतोय, म्हणजे मध्ये कुणी चिवडा खायला थांबणार नाही. लोभाचं पुढं बघू.

सुरेश

*

अल अझीझिया, दोहा
९ जून २०१८

ती. ताईस सुरेशचा नमस्कार, या वेळी खाली वाकून.

काल फोनवर तू हॅलो म्हणालीस आणि मग आपण दोघंही गप्प. एक्स्चेंजमध्ये असतीस तर कुणीच बोलत नाही म्हणून लाइन तोडली असतीस. आशीर्वाद पोचला. जे तोंडानं सांगता आलं नाही ते लिहितो.

२७ला काचेच्या पेटीत बसलो. नर्स तीच, हजरा, कोपर तसाच समोर. खरं सांगतो, मी कोपर बघायच्या तयारीनंच गेलो होतो. पण तिच्या मागच्या बाकावर निवृत्ती. त्याचंही मेडिकल त्याच दिवशी. दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून माझ्याकडे बघत होता, परीक्षा त्याची असल्यासारखा. एकदा कोपर हलला, मी बटण दाबलं. त्यानं मान खाली घातली. मग मी उठलो, पेटीचं दार उघडलं आणि हजराला सांगितलं की खुर्ची फिरवून बस, आणि पहिल्यापासून घे. परत आत जाऊन डोळे मिटले. ताई, किती वेळ शांत होतं म्हणून सांगू. बटण चार वेळा दाबलं, त्यातलं दोनदा नुसत्या आशेनं.

नापास. साइट गेली. आता पोर्टाकेबिनमध्ये, म्हणजे पत्र्याच्या खोलीत, ड्रॉइंग तपासतो, स्टेडियम मला कागदावर दिसतं. मुदतवाढ एकाच वर्षाची. पुढचं इन्शाल्ला, म्हणजे इथं ज्याला नाही म्हणतात ते. चार दिवस जेवलो नाही. पाचव्या दिवशी निवृत्तीनं अल नस्र भागातल्या हॉटेलातून पोहे आणले आणि पोर्टाकेबिनच्या दारावर खडा मारला. मेमो मागं घेतले.

दोन्ही कानांत यंत्रं बसली. छळ आहे. एसी घरघरतो, फ्रीज कण्हतो, चिवडा खाणारा माणूस म्हणजे खडी फोडायचं मशीन. आणि तुझी भावजय! दीड वर्ष ही बाई माझ्याच समोर उभी राहून माझ्याबद्दल काय काय बोलत होती, ते आता कळतंय. तिची सवय अजून गेलेली नाही.

आज पहाटे ऊन चढायच्या आत ती मला ॲस्पायर पार्कात घेऊन गेली. फोनमधल्या बाईला मोठ्यानं लावलं आणि आम्ही क्राकूव पुन्हा चाललो. बाई म्हणाली वेस, तिथं कचऱ्याचा डबा. बाई म्हणाली राजवाडा, तिथं पाणी मारणारा माळी. पण ताई, बाई पुटपुटत नाही. खणखणीत बोलते, लेफ्ट वेगळं, राइट वेगळं. तिची माफी मागायचीही सोय नाही.

तळ्याशी आलो तेव्हा बाई म्हणाली की आता थांबा आणि ऐका. कर्णा वाजला. सूर चढत गेला, चढत गेला, आणि कुणी हिसकावून घ्यावा तसा तुटला. बाई म्हणाली की हाच सूर तो चार दिशांना चार वेळा वाजवतो.

मी उल्काकडे बघितलं. ती चपलेतला खडा काढत होती, निदान तसं दाखवत होती. सूर निघाला की हात धरायचा, तुटला की सोडायचा. चार वेळा. आणि मी तुला गॅसवरच्या दुधाचं लिहिलं होतं.

मी बाईला मागं नेलं आणि कर्णा पुन्हा लावला. या वेळी हात मी धरला. सूर तुटला तसा तिनं सवयीनं सोडवून घ्यायला बघितला. मी सोडला नाही.

आता पत्राला काही कारण उरलेलं नाही. तरी उत्तर पत्रानंच दे. लोभ पूर्वीइतकाच असावा, आवाज मात्र जरा बेतानं. यंत्र नवीन आहे.

तुझा
सुरेश