गाऱ्हाण्यातले गाळलेले नाव

पूर्णगड,
शुक्रवार, १० जानेवारी २०२५

चि. दीपालीस आप्पांचा आशीर्वाद.

तुझी खुशाली आजवर टीव्हीवरूनच कळत आली, म्हणून विचारायची सवय राहिली नाही. आम्ही बरे आहोत. तुझ्या आईचे गुडघे दुखतात. मला खोकला आहे, पण तो जुनाच.

वाडीतल्या लवूने तुझा निरोप दिला. सोमवारी सकाळी तुझ्या सिनेमाचा मुहूर्त आपल्या वाळूवर आहे आणि देवीपुढे सगळ्यांच्या राखणीचे गाऱ्हाणे मी घालावे असे तू म्हणालीस. फोनवर मला बोलता येणार नाही, म्हणून चौथी शिकलेल्या अक्षरात लिहून लवूकडेच देतो.

आधी कामाचे. दिव्यांच्या वायरी ओल्या वाळूवर टाकू देऊ नकोस. जनरेटर सुरूच्या झाडांच्या वरच्या अंगाला ठेव. सोमवारी पौर्णिमा, सकाळी सव्वाअकराला पुरी भरती येईल. पण हे तुला कशाला सांगतो? मंगळवारी मी तिथेच होतो.

तू जागा बघायला आलीस तेव्हा सुरूंच्या मागे छत्री तोंडापुढे धरून उभा होतो. वीस-बावीस माणसे तुझ्या शब्दाकडे कान लावून. एक दाढीवाला मोबाईलवर ओहोटीची वेळ शोधत होता, त्याला रेंज मिळेना. तू बोटे मोजलीस आणि म्हणालीस, "आज अष्टमी. आठाची पाऊणपट सहा. सहाला भरती, म्हणजे बाराला ओहोटी. बाराला सगळे तयार राहा." सगळे कामाला लागले. खाडीवर माणसे पार नेणारी तर चालवायचो तेव्हा वल्हे मारता मारता हा हिशेब मी तुला शिकवला होता. तू सात वर्षांची होतीस.

नझीर खलाशी माझ्या शेजारी होता. म्हणाला, "आप्पा, पोर तुमची ती तरच चालवत्ये की! नुसती होडी मोठी झालीय." मालिकेत तू सून झालीस, वकील झालीस, लोक तुला ओळखू लागले, तरी नटी व्हायला मुंबईस गेलीस याचा मी रागच धरून बसलो होतो. मंगळवारी तो राग शोधूनही सापडेना.

आता जे लिहायचे टाळतो आहे ते. तू मुंबईस गेलीस तेव्हापासून दर शिमग्याला पालखी अंगणात आली की मी गाऱ्हाण्यात मुंबईतल्या सगळ्यांची नावे घेतली. ज्या चुलत्याशी बोलत नाही त्याचेही घेतले. तुझे घेतले नाही. चौदा वर्षे. तुझी आई मागून हळूच घ्यायची. मी ऐकले नाही असे दाखवायचो.

एकदाच घेतले. मालिकेत तुझ्या फोटोला हार घातला तेव्हा. खोटे आहे हे मला कळत होते. तुझी आई हसत सुटली, "अवो, पोरगी उद्या दुसऱ्या च्यानलवर दिसंल!" तरी सकाळी नारळ घेऊन देवळात गेलो. गुरवाने विचारले, कोणासाठी? म्हटले, घरातल्या माणसासाठी. तुझे नाव मनातच घेतले. मोठ्याने घ्यायचा धीर झाला नाही, आणि गाऱ्हाणे मनातल्या मनात घालायचे नसते; ऐकणाऱ्यांनी 'व्हय म्हाराजा' म्हटल्याशिवाय ते पुरे होत नाही.

ज्याने नाव गाळले त्याच्या तोंडचे देवी ऐकेल का? एवढ्या माणसांच्या कामाला माझा दोष लागला तर? या विचाराने जेवण जात नाही. म्हणून आधी तुला सांगितले. दुसऱ्या कोणाला बोलवायचे असेल तर लवूला सांग. मी नझीरच्या होडीतून लांबून बघेन, वाईट वाटून घेणार नाही.

आत्ता ओटीवर बसून म्हणून पाहिले, "आई, माझी लेक दीपाली मोठे काम घेऊन तुझ्या दारात आली आहे, तिची राखण कर." मोठ्याने म्हटले. आत भांड्यांचा आवाज थांबला आणि तुझ्या आईने उत्तर दिले, "व्हय म्हाराजा!"

सोमवारी पहाटेच आंघोळ करून ओटीवर बसेन. बोलावलेस तर येतो.

सगळ्यांच्या आधी तुझे नाव घ्यायला थांबलेला,
तुझा आप्पा