चष्मा लावलेली दुर्बीण

अण्णा, तुमची ती दोन चित्रं आता माझ्या शाळेच्या प्रयोगशाळेत टांगलेली आहेत. पुठ्ठे पिवळे पडलेत, एका कोपऱ्याला कसर लागली आहे, पण चित्रं शाबूत आहेत. काल नववीच्या पोरांना मी त्यांची गोष्ट सांगितली, अगदी तुम्ही गिऱ्हाइकांना सांगायचात तशी, मधेच थांबून, चष्मा कपाळावर चढवून. म्हातारीचा किस्सा आला तेव्हा सगळा वर्ग हसला. मग पुढच्या बाकावरच्या, जाड भिंगाचा चष्मा लावणाऱ्या एका मुलीनं विचारलं, "मॅडम, मग त्या आजीला नीट चष्मा मिळाला का?" मी "हो, मिळाला" म्हणाले आणि फळा पुसायला वळले. फळ्यावर काही लिहिलेलंच नव्हतं. म्हणून आज हे लिहायला बसले आहे.

सोनईतलं आपलं दुकान ते केवढंसं. पुढं काउंटर, भिंतीवर अक्षरांचा तक्ता, वाचता न येणाऱ्यांसाठी शेजारी, दात कुठल्या बाजूला ते सांगायच्या फण्यांचा तक्ता, आणि मागं पडद्याआड तुमचा घासायचा दगड. डब्यातून दगडावर थेंब थेंब पाणी पडतंय, तुम्ही मान वाकडी करून काच फिरवताय, आणि मी शाळेतून आल्याआल्या दप्तर टाकून तुमच्या शेजारी उकिडवी बसले आहे. "हात लावू नगं, बोट जाईल," असं तुम्ही वर्षभर म्हणालात आणि पुढच्या वर्षी स्वतःच माझ्या हातात काच दिलीत. गावात तुम्हाला कुणी डॉक्टर म्हणालं की तुम्ही चिडायचात. "म्या काचा घासतो, डोळं न्हाई."

ती दुर्बीण वर गेली तेव्हा मी सातवीची परीक्षा दिली होती. पृथ्वीभोवती फिरणारी दुर्बीण, हवेच्या वर, तिथून तारे कसे स्वच्छ दिसतील, असं पेपरात आलं होतं. पुढं काही महिन्यांनी बातमी आली की चित्रं धूसर येताहेत, आतला मोठा आरसा घासतानाच चुकला. तुम्ही दगड थांबवून ती बातमी माझ्याकडून दोनदा वाचून घेतलीत. केसाच्या पन्नासाव्या भागाइतकी चूक. जग त्या दुर्बिणीला हसत होतं आणि तुम्ही मात्र त्या आरसा घासणाऱ्या माणसाच्या काळजीत. "त्या मान्साला जेवन गोड लागत नसंल," म्हणालात. संध्याकाळी जेवताना पुन्हा म्हणालात, तेव्हा आई वैतागून म्हणाली, "तुमी तर जेवा." त्यानंतर कुणाच्या चष्म्याची तक्रार आली की तुम्ही ती गोष्ट काढायचात. एवढ्या शहाण्यांचा नंबर चुकतो, तर आपण कोण? गिऱ्हाईक हसायचं आणि तुम्ही तक्रारीची काच निमूट नव्यानं करून द्यायचात.

मी अकरावीत असताना माणसं वर गेली आणि त्या दुर्बिणीला त्या चुकीच्या बरोबर उलट मापाचे छोटे आरसे बसवून आली. म्हणजे चष्माच की. तुमचा आनंद काय सांगावा, जणू तो तुमच्याच दुकानातून गेला होता. एका शिक्षकांनी तुम्हाला रंगीत मासिक आणून दिलं. त्यात एकाच दीर्घिकेची दोन चित्रं होती, दुरुस्तीच्या आधीचं आणि नंतरचं. पहिल्यात पिठाचा हात लागल्यासारखा डाग, दुसऱ्यात ताकात रवी फिरवल्यावर फेस फिरतो तशी चक्राकार ताऱ्यांची गर्दी. तुम्ही ती कापून दोन पुठ्ठ्यांवर चिकटवलीत आणि शेजारी शेजारी दोन खिळ्यांवर टांगलीत. सगळ्यांना सांगायला लागलात, ही आपली आकाशगंगा. मी म्हणाले, अण्णा, आपली नाही, ही दुसरी, अशा पुष्कळ आहेत. तुम्ही पुन्हा चित्राजवळ गेलात. "म्हंजे आपली एकटीच न्हाई व्हय?" त्या दिवशी तुम्ही मला विचारलंत, हे शिकायला कुठं जावं लागतं. नगरला, मी म्हणाले. "मंग जायाचं," म्हणालात.

बारावीच्या दिवाळीत दुकानाला चुना दिला. चित्रं उतरवली, पुसली, आणि तुम्ही स्वतः स्टुलावर चढून ती परत लावलीत. मी खालून पाहिलं तर उलटी. स्वच्छ चित्र डावीकडे आणि धूसर उजवीकडे. मला वाटलं, गंमत करताय. पण पहिलंच गिऱ्हाईक आलं आणि तुम्ही डावीकडे बोट करून सांगितलंत, "ह्ये आधीचं, काय बी दिसंना." मग उजवीकडे, "आनि ह्ये बघा, कसं लख्ख." गिऱ्हाईक म्हणालं, "व्हय, लई साफ." चष्मेवाल्याला कोण कशाला खोटं पाडेल? मग मी तुमच्या कामाकडे बघायला लागले. काच फ्रेममध्ये सरळ बसावी म्हणून घालायचे शाईचे ठिपके ओळीत पडत नव्हते. तुम्ही बॅटरी लावून दुसऱ्यांचे मोतीबिंदू ओळखून नगरला पाठवत होता आणि तुमच्याच डोळ्यांवर पडदा आला होता. दिव्याखाली अंधार म्हणतात तो आपल्याच घरात.

मी बोलले नाही. कारण सांगते, तेही तुम्हाला कधी सांगितलं नाही. तुमचं ऑपरेशन म्हटलं की दुकानात मी बसणार, महिना दोन महिने, आणि बारावी बुडणार. नगर राहिलं बाजूला, सोनईत फ्रेमा पुसत बसायची, असं मला दिसत होतं. परीक्षा झाली की सांगू, मी ठरवलं.

जानेवारीत बाजारच्या दिवशी ती आजी आली. आठवड्यापूर्वी चष्मा नेलेली, वस्तीवरून चालत आलेली. काउंटरवर चष्मा ठेवून म्हणाली, "भाऊ, ह्यानं भुई वर येती. पाय कुटं टाकावा कळंना." तिचा नंबर तिरका होता. तशी काच फ्रेममध्ये जराशी फिरून बसली तरी जमीन कलते, हे मलाही माहीत होतं. तुम्ही नेहमीसारखी गोष्ट सुरू केलीत. दुकान भरलेलं होतं. शेवटी चित्रांकडे बोट करून तुम्ही विचारलंत, "आता सांगा मावशे, कोनतं साफ हाय?"

तिनं तो वाकडा चष्मा काउंटरवरच राहू दिला, पार भिंतीला नाक लावून दोन्ही पाहिली आणि डावीकडच्यावर बोट ठेवलं. "ह्ये. त्या दुसऱ्यात निस्ता धूर हाय."

"म्हनून तर तुमाला चष्मा लागतोय," तुम्ही म्हणालात, आणि सगळं दुकान हसलं. तुमच्या हसण्यात वाईट काही नव्हतं, तुम्ही तिला चहाही मागवलात. तीही ओशाळून हसली. एवढ्या माणसांत कुणी चित्रांकडे नीट बघितलं नव्हतं, तिचं बरोबर आहे हे फक्त मला ठाऊक होतं, आणि मी खाली मान घालून फ्रेम पुसत होते.

ती पायरी पायानं चाचपत उतरली तेव्हा मला राहवेना. मी मागं धावले, चष्मा मागून घेतला, पुढच्या बाजारी नीट करून देते म्हणाले. तिनं माझं मनगट धरलं. "तुज्या बापाला दिसंना झालंय, व्हय ना?" मी म्हणाले, परीक्षा झाली की सांगणार आहे. ती म्हणाली, "तुजी परीक्षा हाय, खरं हाय. पर त्येचं डोळं हायती, पोरी." तिची काच मी स्वतः नव्यानं घासली. पुढच्या बाजारी तिनं ती लावून पायरीवरून दोनदा वर-खाली करून दाखवलं. दुकानात मात्र आली नाही.

तरी मी परीक्षेपर्यंत थांबलेच. त्या दिवसांत अभ्यास झाला की तुमची प्रत्येक काच मी बघायची आणि वाकडी असेल ती गुपचूप नव्यानं घासायची. शेवटचा पेपर दिला त्याच संध्याकाळी आईला सांगितलं. ती भाकरी थापत होती, मान वर न करता म्हणाली, "मला पोळ्यापासनं ठावं हाय. म्या म्हनलं, तुजी परीक्षा हुंदी." म्हणजे आम्ही दोघी एकाच गोष्टीला थांबलो होतो. तुमच्यापाशी मात्र तीच बोलली. नगरला ऑपरेशन झालं, डोळ्यात काच बसवली, आणि तुम्ही पट्टी निघाल्यावर नर्सबाईंना सांगितलंत, "मला बी दुर्बिनीवानी दुरुस्त केलं." तुम्ही घरी यायच्या आदल्या दिवशी मी स्टुलावर चढून चित्रं बदलली. तुम्ही दुकानात आलात, चित्रांपुढे उभे राहिलात. मग खूश होऊन म्हणालात, "बघ, मी बराबर सांगत हुतो." मी म्हणाले, "व्हय अण्णा."

पुढं मी नगरला शिकायला गेले आणि सुट्टीला येताना तुमच्यासाठी नवी चित्रं आणायची. आभाळातल्या धुळीचे उंच खांब आणले, तुम्हाला ते वारुळासारखे वाटले. मग ते एक, रिकाम्या वाटणाऱ्या आभाळाच्या तुकड्याकडे दहा दिवस बघत राहून काढलेलं, आणि त्यात हजारो दीर्घिका. तुम्ही काउंटरवर पालथे पडून भिंगातून एकेक ठिपका बघत होता. तो उजेड निघून किती काळ झाला हे मी सांगितलं, तेव्हा म्हणालात, "म्हंजे पत्र लई उशिरा पोचलं म्हनायचं." अण्णा, तुमची किती आठवण येते म्हणून सांगू? फोनवर आता नव्या दुर्बिणीची चित्रं येतात, त्याहून स्वच्छ, आणि दाखवायला तुम्ही नाही.

पण उलटं बघणाऱ्या म्हातारीचा किस्सा तुम्ही शेवटपर्यंत सांगत राहिलात आणि मी प्रत्येक वेळी हसले. तुम्हाला वाचवलं असं मला वाटायचं. आता वाटतं, मी तुमचं काहीतरी काढून घेतलं. तुम्हाला कळलं असतं तर तुम्ही त्याच दिवशी सायकल काढून तिच्या वस्तीवर गेला असतात. "मावशे, तुलाच बराबर दिसत हुतं," म्हणाला असतात, आणि परत येऊन तीच गोष्ट स्वतःवर हसत चौपट रंगवून सांगितली असतीत. तुम्ही तसेच होता. मीच भित्री निघाले.

हे पत्र कुठं टाकायचं नाहीच. तुमच्या चष्म्याच्या डबीत घडी करून ठेवीन. उद्या नववीचा तास आहे. चित्रं उलटी टांगलेली होती आणि आजीला अगदी बरोबर दिसत होतं, हे मी वर्गाला सांगणार आहे. उलटी कुणी टांगली, असं ती पुढच्या बाकावरची मुलगी विचारणारच. मी टांगली होती, म्हणून सांगणार आहे. एवढं खोटं अजून राहू द्या, अण्णा. पोरं तुम्हाला हसली तर मला सोसायचं नाही.