कुशारोशन

सोलापूर, फेब्रुवारी १९६१

अब्बांना आन् अम्मीला लेकीचा सलाम.

पत्र मुद्दाम मराठीत लिहितेय. शेजारी कुशाआईच्या ओट्यावर बसून मोठ्यानं वाचा, म्हंजी तिलाबी कळंल.

नर्सिंगच्या शाळेत माझं बरं चाललंय. पोटभर जेवते. अम्मीचा खोकला थांबला का? खरं काय ते कळवा.

परवा मेट्रनबाई गणवेशावरच्या नावाच्या पट्ट्या करत होत्या. मला म्हणाल्या, "कुशारोशन? असं नाव कुठं असतं का? नुसतं रोशन लिहू." पोरी फिदीफिदी हसल्या.

मी उभी राहिले. म्हटलं, "बाई, रोशन माझी आजी. कुशा आमच्या शेजारची धनगराची बाई. मी जन्मले तवा अम्मी तापानं फणफणली होती, तिला दूधच न्हवतं. कुशाबाईचं तान्हं नुकतंच गेलेलं. तिनं मला पदराखाली घेतलं. आमच्यात दूध पाजणारी ती आईच. म्हणून अब्बांनी तिचं नाव आधी ठेवलं. अर्धं लिहायचं असंल तर लिहूच नका."

मेट्रनबाईंनी पुरं नाव लिहिलं, आन् स्वतःच्या हातानं पट्टी लावली.

कुशाआई, तू म्हणायचीस, माझ्यामागं माझं नाव कोण घेणार? सध्या माझी ड्युटी बाळंतिणींच्या वॉर्डात हाय. एवढं लांब नाव त्यांच्या तोंडी बसत न्हाई. बाळ रडाया लागलं की त्या नुसत्या "कुशाबाई, कुशाबाई" हाका मारत्यात.

आन् मी धावत जाते.

तुम्हा तिघांची लेक,
कुशारोशन