चोवीस आकड्यांची मेणबत्ती

१ डिसेंबर
कोपनहेगनमध्ये माझं स्वतःचं घर! तिसरा मजला, खाली कालवा. आधीच्या भाडेकरूने कपाटात डिसेंबरची मेणबत्ती सोडलीय, एक ते चोवीस आकड्यांची, कोरी करकरीत; नाताळपर्यंत रोज एकच आकडा जाळायचा. फुकट ते पौष्टिक. न्याहारीला पहिला आकडा जाळला आणि ओडेन्सला आईला फोन केला: तेराला शुक्रवारी ये, रविवारपर्यंत राहा. टिवोली बागेतले नाताळचे दिवे, गरम वाइन, साखर भुरभुरलेले आप्पे, मग सोफ्यावर दोघी एका पांघरुणात. आईची नजर झपाट्याने उतरतेय. पुढच्या हिवाळ्यात तिला दिवे दिसतील की नाही, डॉक्टरही सांगत नाहीत. म्हणून हे दोन दिवस मला हवेतच. आई म्हणाली, कशाला एवढा खटाटोप? आणि लगेच विचारलं, आप्पे कुठले चांगले?

४ डिसेंबर
मेणबत्ती न विझवताच कामाला गेले. परत येईपर्यंत उद्याचा पाचही जळून ज्योत आपोआप विझली होती. हे कुणाच्या घरी होत नाही? आई फोनवर हसली. लहानपणी तू नाताळ दहा तारखेलाच उरकायचीस, गाढवे, म्हणाली.

६ डिसेंबर
बुधवारी झोपले आणि शुक्रवारी उठले. मधला गुरुवार आठवतच नाही. ग्रंथालयात माझ्यासोबत काम करणारी बोडिल म्हणते, काल तू दिवसभर कामावर होतीस, चकार शब्द बोलली नाहीस, आणि तुझा हात बर्फासारखा लागला. ताप असेल. मेणबत्ती मात्र कपाटात मागे सारलीय.

१३ डिसेंबर
आई आली! कप काढताना तिच्या हाताला मेणबत्ती लागली. अजून सहावरच? आळशी कुठली, म्हणत तिने पेटवलीसुद्धा. मागे पडलेले आकडे जळू देत म्हणे. ती एवढी खुशीत होती की मला नाही म्हणवेना. आता बारा संपत आलाय. तेरा संपला की फुंकर. नजर हटवणार नाही. आई हाक मारतेय, दूध उतू जातंय. एका मिनिटात —

१६ डिसेंबर
दूध उतरवायला गेले ती थेट आज सोमवारी भानावर आले; चौदा-पंधरा जळले असणार. आई घरी परत गेलीय. पांघरूण घडी घातलेलं. बशीत पिठीसाखर. मेणबत्ती नाही.
फोनवर आई आनंदात होती. दिवे दिसले, अगं, सगळे दिसले. तू बोलली नाहीस, पण माझा हात एकदाही सोडला नाहीस. केवढा गार हात, हातमोजे घालत जा.
रडायला हवं. रडू येत नाही. बशी धुतली.

२१ डिसेंबर
मेणबत्ती आईकडे आहे. मीच दिली म्हणे. तिला आकडे दिसत नाहीत. पाया पडते, पेटवू नकोस, म्हटलं. वेड लागलंय का, म्हणाली. आधी तू इकडे ये, म्हणे.

२२ डिसेंबर, गाडीत
आईने पेटवलीय, आत्ताच फोनवर म्हणाली. विझव, मी ओरडले. डब्यातले लोक बघताहेत. बघू देत.
आई म्हणाली, मी विझवायला गेले तर तूच माझा हात धरलास ना? मग अगदी हळू: टोवा, तू इथे माझ्या शेजारी बसलीयेस. फोनवर कोण आहे?
मी. आई, मी —
फोन चालू आहे. वात तडतडतेय, ऐकू येतंय.
तेवीस लागला असेल. बोटं बधिर — पेन धरवत नाही.
ओडेन्स पुढचंच स्टेशन. उतरले की धावत —
आई, तो हात सोड. तो माझा —