मुरूम लागायच्या आत

गुरुवार, ५ डिसेंबर १९७४. अन्याय घडला सकाळी नऊ वाजून चाळीस मिनिटांनी, मी ताईची औषधं आणायला शुक्रवार पेठेत गेले असताना.

अंगणातल्या काचेच्या खोलीचा पाया खालचा कठीण मुरूम लागेपर्यंत खणायचा, असं भीमाण्णा गवंड्याला तीनदा बजावलं होतं. परतले तर दोन फुटांवरच, काळ्या मातीत, दगड बसवून हा मोकळा! शेजारी फोडलेला नारळ.

"मुहूर्त टळत हुता की, बाई," म्हणतो. "आन् काच तर हाय. हत्ती न्हाय बांधायचा हितं."

याच अंगणातल्या भेगेत मे महिन्यात माझी छत्री मुठीपर्यंत गेली होती. ही माती पावसात फुगणार, उन्हाळ्यात फाटणार. आणि वरची काच? ती ताईच्या डोक्यावर. दोन वर्षं अंथरुणाला खिळली आहे. ऊन अंगावर घ्यायचंय तिला, एवढंच.

पण नऊ-चाळीसच्या मुहूर्ताचा कागद त्याला दिला कोणी? मीच. ताईचा हट्ट म्हणून. नन्सच्या शाळेत शिकलेली मी! खड्डा पुरा होण्याआधी मुहूर्त येईल, हे माझ्या डोक्यात येऊ नये?

संध्याकाळी ताईने विचारलं, "सुमे, पाया झाला ना गं?"

"नाही," म्हणाले. ती भिंतीकडे वळली.

ती छत्री डोळ्यांपुढून हलत नाही. उद्या भीमाण्णाला चिठ्ठी: दगड उपसा. दुसरा नारळ मी देईन, मुहूर्त देणार नाही. मुरूम लागेपर्यंत खणणार की नाही, ते सोमवारी दुपारी बाराच्या आत लेखी कळवा.