पाण्याचं माझ्याकडे

रविवार, १६ नोव्हेंबर

ताईच्या बाळाचं बारसं पुढच्या रविवारी, इथंच, आपल्या घरी. जेवणानंतर बाबांनी कामं वाटली. आचारी आणि मांडव बाबांकडे, आहेर आईकडे. पाण्याचं कोण बघणार म्हणाले, तेव्हा मी हात वर केला. आपल्या घरात हात वर करायची पद्धत नाही, पण केला. बाबांनी आधी आईकडे पाहिलं. मग म्हणाले, बरं, प्रेरणा बघेल.

चोविसाव्या वर्षी पहिली खरी जबाबदारी. आतापर्यंत माझ्याकडे फक्त झोपण्याआधीची फेरी होती: गॅस, मोटार, फाटक, कड्या.

ताईच्या डोहाळजेवणाला ऐन पंगतीत टाकी संपली होती. तिच्या सासूबाई भागूबाई करमाडच्या, शेतात दोन विहिरी. त्यांना हात धुवायला विकतच्या पाण्याची बाटली द्यावी लागली. जाताना गाडीत बसून म्हणाल्या, पोरीची काळजी करू नका, आमच्याकडं पाणी लई हाय. आई ते वाक्य अजून पोळ्या लाटताना मधेच म्हणते. हे पुन्हा होता कामा नये. नळ आठवड्यातून एकदा येतो, त्यामुळे टँकर हवाच.

टँकर शौकतभाईंचा, हर्सूलहून येतो. त्यांच्या मुलाने, अझहरने, आता ऑर्डरसाठी ॲप काढलंय. वेळ निवडा, पत्ता टाका, पावती येते. अगदी माझ्या स्वभावाचं काम. उद्या डाउनलोड. पाच मिनिटांत विषय संपेल.

तोच दिवस, फेरी झाल्यावर

बाबांनी मला अक्षरओळखीच्या आधी बटणं ओळखायला शिकवलं. जे लागत नाही ते बंद करून झोपायचं. हल्ली मी फोनलाही ही शिस्त लावली आहे. आज सेटिंग्जमध्ये अगदी आतपर्यंत गेले, तर काय काय चालू सापडलं! एक डाउनलोड मॅनेजर. मी नेमलेला नाही. आणि कसल्याशा सर्व्हिसेस. मी मागितलेल्या नाहीत. दोन्ही बंद केलं, त्याखालचंही बरंच काही. फोन म्हणाला, इतर ॲप्स नीट चालणार नाहीत, नक्की बंद करायचं? अशा धमक्यांना आपण घाबरत नाही. नक्की.

सोमवार, १७ नोव्हेंबर

प्ले स्टोअर उघडत नाही. गोल फिरतं, मग म्हणतं, कनेक्ट होऊ शकत नाही, पुन्हा प्रयत्न करा. केला. पुन्हा तेच. फोन बंद करून चालू केला. विमान मोडमध्ये टाकून काढला. तेच.

कारण नेटवर्क असणार. आज आभाळही आहे. फोनची देखभाल मी स्वतः करते, त्यामुळे माझ्याकडून काही झालं असण्याचा प्रश्न येत नाही.

आई-बाबांचे फोन बटणांचे. ताईचा बाळाच्या फोटोंनी इतका भरलाय की एकही ॲप मावत नाही. म्हणजे मदार माझ्याच फोनवर. बरंच आहे. एकाच्या हातात काम असलं की गोंधळ होत नाही.

मंगळवार, १८ नोव्हेंबर

शेजारी मुनिराकडे गेले. तिच्याकडे वायफाय आहे. माझ्या फोनवर गोल फिरत राहिलं. त्याच वायफायवर तिच्या फोनवर प्ले स्टोअर फटकन उघडलं. वायफाय घरच्या फोनला आधी ओळखत असावं.

मुनिरा म्हणाली, दे मेरेकू, बघते. दिला नाही. फोन दुसऱ्याच्या हातात देऊ नये. ती म्हणाली, ऐसा क्या छुपाके रखी है गं? हसण्यावारी नेलं. घरी येऊन लॉक बदललं.

दुपारी सिमकार्ड काढलं, चष्म्याच्या कापडाने पुसलं. ते पलंगाखाली गेलं. पलंग सरकवला, तर नुकतंच झोपलेलं बाळ उठलं. ताई म्हणाली, बाळाचं नाव रविवारी ठेवायचंय, तुला मात्र आत्ताच नावं ठेवते. बाळंतिणीचं मनावर घेऊ नये.

सिम स्वच्छ झालं. प्ले स्टोअर नाही.

बुधवार, १९ नोव्हेंबर

आता पद्धतशीर. यूट्यूबवर एक गृहस्थ सापडले. नमस्कार मित्रांनो, घाबरू नका, असं सुरुवातीलाच म्हणतात. बरं वाटलं. त्यांनी सांगितलं तसं कॅशे साफ केलं, तारीख-वेळ तपासली. मग ते म्हणाले, खातं काढून पुन्हा टाका. काढलं. पुन्हा टाकता येत नाही, तिथंही गोल फिरतं. खात्याबरोबर सगळ्यांचे नंबरही गेले. व्हिडिओच्या शेवटी ते म्हणतात, बंद केलेली ॲप्स एकदा बघून घ्या. तो भाग निष्काळजी लोकांसाठी आहे, म्हणून पुढे ढकलला.

शौकतभाईंचा नंबर बाबांकडून घ्यावा लागला. बाबांनी विचारलं, टँकर झाला ना सांगून? मी म्हटलं, प्रक्रिया चालू आहे. यात खोटं काही नाही.

शौकतभाईंना फक्त चौकशीसाठी फोन केला. ते म्हणाले, बेटा, ॲप-वॅप रहन दे, मेरेकू बोली ना, इतवारकू सुबे भेजता एक टँकर. मी स्पष्ट सांगितलं, नोंदवू नका, ऑर्डर ॲपवरूनच येईल. हे नुसतं लक्षात ठेवा, ॲप फेल झालं तरच. ते म्हणाले, हौ हौ. समजूतदार माणूस. अट एका वाक्यात कळली.

गुरुवार, २० नोव्हेंबर

घरात भिंती फार आहेत. मोकळ्या जागी प्रयोग करायला हवा, म्हणून बाबांची स्कूटर घेऊन मुकुंदवाडी स्टेशनवर गेले. फलाटाच्या पार टोकाला उभी राहिले. फोन वर धरला, खाली धरला, रुळांकडे धरला. रेंजच्या सगळ्या काड्या भरलेल्या. प्ले स्टोअर नाही.

एक गाडी आली नि गेली. मी तिथंच. बाकावरचे एक आजोबा बराच वेळ बघत होते. शेवटी जवळ आले आणि म्हणाले, येणार नाय तो. घरी जा पोरी, आईबाप वाट बघत असतील. त्यांना तांत्रिक बाजू समजावत बसले नाही. त्यांनी शेंगदाणे दिले, ते घेतले.

संध्याकाळी मुनिराने न विचारता स्वतःच्या फोनवर ॲप घेतलं आणि आमच्या पत्त्यावर टँकर बुक करून टाकला. रविवार, सकाळी सात. म्हणाली, घे बाई, सुट्टी झाली तुझी. मला ते बरोबर वाटलं नाही. जबाबदारी माझी आणि ऑर्डर तिच्या नावावर? उद्या कुणी पावती मागितली तर? तिला रद्द करायला सांगितलं. ती म्हणाली, अगं पाणी पिताना कोण पावती बघतं? मी ठाम राहिले. शेवटी म्हणाली, बरं माझी माय, कुकर लावते नि करते.

म्हणजे झालंच ते रद्द.

शुक्रवार, २१ नोव्हेंबर

फोन फॅक्टरी रीसेट करायचं ठरवलं. त्याआधी बॅकअप घ्यायला हवा. बॅकअपचं ॲप प्ले स्टोअरवर मिळतं.

फोनच्या कंपनीला तक्रार लिहिली. भाषा संयमित ठेवली, फक्त दोन ठिकाणी उद्गारचिन्ह. तक्रार त्यांच्या ॲपवरूनच नोंदवावी लागते.

जेवताना आईने विचारलं, पाण्याचं झालं ना गं? नाहीतर बाबांना सांगते. मी म्हटलं, नव्वद टक्के झालंय. आई म्हणाली, टँकर नव्वद टक्के कसा येतो? एकदम भागूबाई डोळ्यांसमोर आल्या, पंगतीतून उठलेल्या, खरकटा हात पुढे धरून उभ्या. ताई तिकडं आयुष्यभर ऐकत राहील आणि ते माझ्यामुळे.

पण आपण डगमगायचं नाही. उद्या निकाल लावायचा.

शनिवार, २२ नोव्हेंबर

अझहरला फोन केला. त्याच्या ॲपमधला दोष त्याच्या कानावर घालणं माझं कर्तव्य होतं. तो म्हणाला, दीदी, ॲप तो सबका चल रहा है, जरा सेटिंगमें जाओ. मग एकेक विचारत गेला. डाउनलोड मॅनेजर बंद. सर्व्हिसेस बंद. त्याखाली आणखीही बरंच काही बंद. तो म्हणाला, ये सब किसने बंद किया? मी म्हटलं, फोन जुना आहे. तो म्हणाला, दीदी, एकेक चालू करते जाओ.

केलं. प्ले स्टोअर पापणी लवायच्या आत उघडलं.

तर दोष फोनमध्येच होता, हे सिद्ध झालं. कुणी बंद केलं, या खोलात जाण्यात अर्थ नाही. घरात सध्या माणसांची ये-जा आहे.

खातं पुन्हा टाकलं, ॲप घेतलं. रविवार, सकाळी सात, एक टँकर. हिरवी खूण आली. पावती आली. स्वयंपाकघरात जाऊन मोठ्याने सांगितलं, पाण्याचं झालं! बाबा म्हणाले, बरं. त्यांच्या तोंडून बरं म्हणजे खूप आहे. जेवताना दोनदा आमटी घेतली.

रविवार, २३ नोव्हेंबर, सकाळी, घाईत

सातच्या ठोक्याला टँकर दारात. हौद भरला, गच्चीवरच्या दोन्ही टाक्या भरल्या. बाबांनी स्वतः झाकण उघडून पाहिलं. काम फत्ते. आता साडी नेसते.

बाहेर कुणीतरी हॉर्न वाजवतंय.

तोच दिवस, संध्याकाळी

दुसरा टँकर होता. मुनिराच्या नावाचा. ती गॅलरीतून म्हणाली, अय्यो, कुकर लावलं नि विसरूनच गेले गं!

ड्रायव्हरला परत जा म्हटलं, तर म्हणाला, ताई, ऑर्डर पक्की हाय, रिकामा करूनच जाणार. तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी तिसरा टँकर वळला. ड्रायव्हरशेजारी खुद्द शौकतभाई. पांढरा कुर्ता, खिशात अत्तराची बाटली. म्हणाले, बच्चेका काम है, सोचा खुद देखके आता. मी म्हटलं, पण ॲप फेल झालं तरच म्हटलं होतं ना? ते म्हणाले, बेटा, शुक्रवारतक ॲपपे तेरा ऑर्डर आया नै, मैं समज्या फेलच हुआ.

आमची गल्ली एका टँकरची. पहिला निघू शकेना कारण मागे दुसरा, दुसरा निघू शकेना कारण मागे तिसरा. तिसरा मागे घेणार, तर त्याच्यामागे करमाडची जीप येऊन उभी राहिली. शौकतभाई म्हणाले, हलका करो, तबीच हिलेगा. दोन्ही टँकरांचे नळ सोडले.

मग गल्ली बाहेर आली. पिंप, घागरी, टब, कुणाचा तरी कुकर. भांडी संपली तेव्हा लोकांनी धुवायला गोधड्या आणल्या. समोरचे काका रिक्षा धुवायला लागले. कुणीतरी ओरडलं, नळपण आला! कुणाला बघायला वेळ नव्हता. गल्ली मातीची. बघता बघता चिखल.

करमाडची मंडळी जीपमधून उतरून चालत निघाली. सगळ्यांत पुढे भागूबाई. एका हातात जरीचा काठ, दुसऱ्यात चपला. बाबांनी मांडवाच्या विटा टाकल्या, त्यावरून त्या दारापर्यंत आल्या. शेवटची वीट बुडाली. भागूबाई पोटरीपर्यंत चिखलात.

उंबऱ्याशी थांबल्या. मागे गल्लीकडे पाहिलं, पुढे आमच्याकडे पाहिलं. म्हणाल्या, मागल्या खेपेला हात धुवाया पाणी नव्हतं, आज पाय ठिवाया जागा नाय. तुमच्यात मधलं काही असतंय का नाय?

ताईचा चेहरा पांढरा. मग शौकतभाई हसले, मग भागूबाईच हसल्या, मग सगळी गल्ली. बाबाही. आई हसली नाही. ती परात आणायला आत गेली.

भागूबाईंचे पाय मी धुतले. दोन बादल्या लागल्या. त्या म्हणाल्या, बास की पोरी, कातडं जाईल. पाणी शेवटपर्यंत कमी पडलं नाही, याची नोंद असावी.

बाळ या सगळ्यात झोपलेलं होतं.

सोमवार, २४ नोव्हेंबर

शांतपणे विचार केला. ठरलं होतं पाण्याची टंचाई होऊ नये. झाली नाही. बाकीच्या गोष्टी माझ्या कामाच्या कक्षेत येत नव्हत्या.

सकाळपासून तीन अनोळखी बायका दारात येऊन विचारून गेल्या, पुढचा कार्यक्रम कधी आहे? त्यांच्या गोधड्या धुवायच्या राहिल्या आहेत.

जेवणानंतर बाबांनी बाळाच्या जावळाची कामं वाटली. ते करमाडला, भागूबाईंकडे. आहेर आईकडे. गाडी बाबांकडे. बाळाची पिशवी ताईकडे. मी हात वर केला. आई म्हणाली, हात खाली घे. मी विचारलं, माझ्याकडे काय? बाबांनी बराच वेळ ताटात बोट फिरवलं. मग म्हणाले, तू नुसती ये.

म्हणजे हजर राहण्याची संपूर्ण जबाबदारी माझ्याकडे. ती दुसऱ्या कुणावर सोपवण्यासारखी नाही, हे बाबांनी नेमकं ओळखलं. आदल्या दिवशीच जाऊन राहावं म्हणते.